गोव्याचे खासदार: लिस्बनच्या संसदेपासून लोकसभेपर्यंत

कुशावतीकाठ:
नमस्कार मंडळी. निवडणुकीच्या निकालादिवशी टीव्हीवर गोव्याला अर्धं मिनिट मिळतं, दोन जागा, एक उत्तर एक दक्षिण, चला पुढचं राज्य. पण त्या दोन जागांच्या मागे दोनशे वर्षांचा इतिहास आहे आणि तो आपल्या मराठी वाचकांत फारसा कोणी सांगत नाही म्हणून हा धागा. १९६१ पर्यंत गोव्याचं कुठल्याच संसदेत कोणी नव्हतं असंच बहुतेकांना वाटतं. खरं तर गोव्यातून पहिली निवडणूक झाली जानेवारी १८२२ मध्ये, म्हणजे पेशवाई जाऊन चारेक वर्षं झालेली, तेव्हा आपल्याकडे एल्फिन्स्टनचा कारभार आणि निवडणूक हा प्रकार कोणाच्या ध्यानीमनी नाही.

झालं असं की १८२० च्या ऑगस्टमध्ये पोर्तुगालात पोर्तो शहरात उदारमतवाद्यांचं बंड झालं, राजाच्या एकहाती सत्तेऐवजी राज्यघटना पाहिजे म्हणून. त्याचं वारं गोव्यात पोचायला वर्ष लागलं, सप्टेंबर १८२१ मध्ये इथे व्हाइसरॉयलाच पदावरून उतरवलं आणि मग लिस्बनच्या संसदेसाठी, तिला कोर्तिश म्हणत, तीन प्रतिनिधी निवडले गेले. बेर्नार्दु पेरिश द सिल्व्हा आणि कोंस्तांसियु रोक द कोश्ता हे दोघे गोंयकार, तिसरा लीमा लैतांव हा पोर्तुगालहून आलेला डॉक्टर. आणि आता मन लावून वाचा. हे दोघे गोंयकार शिडाच्या जहाजातून आफ्रिकेला वळसा घालून निघाले, वाटेत वादळं, मुक्काम, खोळंबे, आणि लिस्बनला पोचले तोवर राजानं परत सत्ता ताब्यात घेऊन ती संसदच बरखास्त केली होती!!

मला गोव्याच्या प्रतिनिधित्वाची सगळी गोष्ट या एका प्रवासात दिसते. कागदावर हक्क मिळाला, माणूस निवडला, माणूस निघाला, पण आवाज पोचायचा तेव्हा ऐकणारं सभागृहच नाही. पुढेही हेच कसं होत राहिलं ते हळूहळू लिहितो, तुम्हीही भर घाला.

दुर्वांकुर_पुणे:
मस्त विषय काका. एक शंका, मतदान कोण करायचं? सगळे गोवेकर?

कुशावतीकाठ:
नाही ताई, तीच तर मेख आहे. १९व्या शतकात मतदानाला उत्पन्नाच्या, कराच्या, साक्षरतेच्या अटी होत्या, नियम मधेमधे बदलत राहिले पण शेतात राबणारा, गावडा, कुणबी, पेडण्या-सत्तरीतला सामान्य माणूस यात कुठेच नव्हता, बाया तर नाहीच. निवडून जाणारे जवळपास सगळे सासष्टी-बार्देस-तिसवाडीतल्या मोठ्या कॅथलिक घराण्यातले, किंवा मग लिस्बन सरकारनं सुचवलेले गोरे. हिंदूंची वस्ती मोठी, नव्या काबिजादीत, म्हणजे पोर्तुगिजांनी नंतर घेतलेल्या तालुक्यांत, तर बहुसंख्य, पण संसदेत त्यांच्या बाजूनं बसलेला माणूस नाही. त्यामुळे "पोर्तुगिजांनी गोव्याला तेव्हाच लोकशाही दिली" असं कोणी म्हटलं की मी आधी विचारतो कोणाला दिली.

तरीपण हे सगळं नाटक होतं असंही मी म्हणणार नाही. पेरिश द सिल्व्हाचंच बघा. पोर्तुगालातलं यादवी युद्ध संपल्यावर त्याला गोव्याचा प्रीफेक्ट नेमला, म्हणजे सगळ्या कारभाराचा मुख्य. गोव्यातच जन्मलेला माणूस या जागेवर! जानेवारी १८३५ मध्ये तो आला आणि १ फेब्रुवारीला लष्करानं बंड करून त्याला हाकलला, तीन आठवडेही टिकू दिला नाही. तो मुंबईला गेला, मग दमणमध्ये बसून १८३७ पर्यंत आपणच कायदेशीर सरकार म्हणून कारभार चालवला. त्याच्या बाजूनं उभ्या राहिलेल्या शिपायांची गास्पर दियशच्या किल्ल्यावर कत्तल झाली, हा किल्ला म्हणजे आजच्या मिरामारचा भाग, तिथे रोज शेकडो टुरिस्ट फिरतात. स्थानिक माणूस लिस्बनला जाऊन खुर्चीत बसलेला एकवेळ चालायचा पण तोच इथे येऊन राज्य करणार म्हटल्यावर गोऱ्या आणि मेस्तीस (मिश्र वंशाच्या) अधिकाऱ्यांना ते सहन झालं नाही.

तेजू_बेलें:
मी सध्या लिस्बनमध्ये राहते म्हणून थोडी भर. १८२१-२२ ची ती पहिली संसद नेसेसिदादेश नावाच्या राजवाड्यात भरायची, तिथे आता परराष्ट्र खातं आहे. आजची संसद साओं बेंतू म्हणून जुन्या मठाच्या इमारतीत आहे, १८३४ मध्ये मठ बंद केले गेले तेव्हा ती जागा संसदेला मिळाली. म्हणजे गोव्याचे नंतरचे सगळे प्रतिनिधी इथेच बसले असणार. काका, फ्रांसिश्कु लुईश गोमिशबद्दल लिहा ना.

कुशावतीकाठ:
त्याच्यावरच येत होतो. जन्म १८२९ चा, नावेलीचा, शिक्षणानं डॉक्टर. १८६० मध्ये निवडून गेला आणि वयाच्या एकतिसाव्या वर्षी लिस्बनच्या सभागृहात उभा राहिला. तेव्हा तिथे सूर असा होता की समुद्रापलीकडच्या मुलखांना संसदेत जागा कशाला द्यायच्या, त्यांचा कारभार वेगळ्या अधिकारानं चालवावा. ह्या माणसानं पहिल्याच भाषणात त्याला विरोध केला. विचार करा, निवडून येऊन पहिलं काम काय तर आपण इथे असायला हवं हेच पटवून देणं! पुण्या-नाशिकच्या खासदाराला कधी उभं राहून सांगावं लागलंय का की आमच्या जिल्ह्याला खासदार पाहिजे म्हणून?

अर्थशास्त्रावर लिहिलं, कादंबरी लिहिली, युरोपात नाव कमावलं. मग तब्येत ढासळली, घरी परत यायला निघाला आणि ३० सप्टेंबर १८६९ ला भूमध्य समुद्रात बोटीवरच गेला, वय चाळीस. सुएझ कालवा उघडला तो त्यानंतर दीडेक महिन्यानं, १७ नोव्हेंबरला. नावेलीच्या जिल्हा ग्रंथालयाला त्याचं नाव आहे. तिथे अभ्यासाला बसणाऱ्या पोरांना हा माणूस कोण होता ते कोणीतरी नीट सांगायला पाहिजे असं मला फार वाटतं.

मडगांवचो_पोर:
कुशावतीबाब, कोश्तांचं लिहिल्याशिवाय पुढे जाऊ नका. मडगावातून १८५९ ला 'उल्त्रामार' हे वर्तमानपत्र निघालं ते बेर्नार्दु फ्रांसिश्कु द कोश्ता यांनी काढलं आणि ते स्वतः पण लिस्बनला प्रतिनिधी होते. छापखाना, पक्ष आणि संसदेतली जागा, तिन्ही एकाच घरात. समोरच्या बाजूला इंडियन पक्ष, त्यात चार्डो (क्षत्रिय म्हणवणारे कॅथलिक) जास्त, इकडे कोश्तांचा उल्त्रामारीन पक्ष त्यात बामण (ब्राह्मण म्हणवणारे कॅथलिक) जास्त. कॅथलिक झाले तरी जात सुटली नाही, मतं जातीवर. आणि २१ सप्टेंबर १८९० ला मडगावात नगरपालिकेच्या निवडणुकीत चर्चपाशी सैन्यानं लोकांवर गोळ्या झाडल्या, माणसं मेली. आमच्या घरी आजी त्या तारखेची गोष्ट सांगायची, तिला तिच्या आजीनं सांगितलेली.

कुशावतीकाठ:
बरं झालं लिहिलंत. गोंयकारांना निवडणुकीचं काही सोयरसुतक नव्हतं, वरून मिळालं म्हणून घेतलं, असं म्हणणाऱ्यांनी १८९० वाचावं. ती निवडणूक संसदेची नव्हती पण पक्ष तेच, माणसं तीच.

पुढचं भराभर सांगतो. १९१० मध्ये पोर्तुगालात राजेशाही गेली, रिपब्लिक आलं, धर्म आणि राज्य वेगळं झालं, त्यानंतर गोव्यातल्या हिंदूंना पहिल्यांदा बरोबरीचे नागरी हक्क मिळाले. नोकऱ्या, शाळा, वर्तमानपत्रं, पंधरा वर्षांत हिंदू समाज केवढा वर आला. आणि तेवढ्यात १९२६ ला लष्कराचा उठाव, मग सालाझार, आणि १९३० ला आक्तू कोलोनियाल, म्हणजे वसाहतींचा कायदा, ज्यात गोव्याचा दर्जा सरळ वसाहतीचा करून टाकला.

याच्याविरुद्ध उभे राहिले लुईश द मिनेझिस ब्रागांझा. ४ जुलै १९३० ला पणजीच्या सरकारी कौन्सिलात त्यांनी ठराव मांडला की इथल्या लोकांनी आपलं भवितव्य ठरवायचा हक्क सोडलेला नाही. लिस्बनच्या संसदेत गोव्याची जागा सालाझारच्या काळातही होती, पण एकच सरकारी पक्ष, एकच यादी, सेन्सॉर. त्या काळात लिस्बनला बसलेल्या प्रतिनिधीपेक्षा पणजीत उभं राहून बोललेला हा एक माणूस मला गोव्याचा खरा प्रतिनिधी वाटतो.

तेजू_बेलें:
काका इथे मी थोडी असहमत. फ्रोयलानु द मेलु १९४५ ते ४९ गोव्याचे प्रतिनिधी होते, जंतुशास्त्रज्ञ, बाणावलीचे. सालाझारच्या संसदेत बसूनही ते वसाहतींच्या कायद्याविरुद्ध बोलले. हुकूमशहाच्या सभागृहात उभं राहून असं बोलायला पण छाती लागते. सगळ्यांना एका मापानं मोजू नका.

कुशावतीकाठ:
तुमचा मुद्दा योग्य आहे तेजूताई, मेलुंचं नाव यायलाच हवं. मी फक्त एवढंच जोडेन की त्याच वर्षांत गोव्यातून लिस्बनला दुसऱ्याही प्रकारची माणसं जात होती. १८ जून १९४६ ला मडगावात पोर्तुगीज राजवटीविरुद्ध राममनोहर लोहियांची सभा झाली, नंतर त्रिस्तांव ब्रागांझ कुन्हा, पुरुषोत्तम काकोडकर आणि आणखी काही जणांना धरून पोर्तुगालला धाडलं. १९५४ ला डॉ. पुंडलिक गायतोंडे, सर्जन माणूस, एका मेजवानीत कोणीतरी भाषणात गोवा म्हणजे पोर्तुगालच असं म्हणाला तर हे उठून "मी निषेध करतो" एवढंच म्हणाले. त्यांनाही अटक आणि लिस्बन. १८२२ मध्ये गोव्याचा माणूस लिस्बनला निघाला तो लोकप्रतिनिधी म्हणून, १९४६ मध्ये निघाला तो कैदी म्हणून. आणि यातले काकोडकर आणि गायतोंडे पुढे दोघेही गोव्याचे खासदार म्हणून दिल्लीला बसले, त्यावर येतोच.

वाचनवेडा_नाशिक:
काकोडकर म्हणजे अनिल काकोडकरांचे कोणी??

कुशावतीकाठ:
वडील. अणुशास्त्रज्ञ अनिल काकोडकरांचे वडील. १९७१ ला पणजी मतदारसंघातून काँग्रेसतर्फे लोकसभेवर गेले.

देवगडवाला:
इतका वेळ वाचत होतो, छान चाललंय. एक गोष्ट राहिली. गोव्याला खासदार मिळायच्या आधी दिल्लीत गोव्यासाठी कोण बोललं? आमचे बॅरिस्टर नाथ पै, १९५७ पासून राजापूरचे खासदार. आणि त्याआधी १९५५ च्या सत्याग्रहात त्रिदिब चौधरी, बंगालचे खासदार, पद चालू असताना सीमा ओलांडून गेले आणि गोव्याच्या तुरुंगात पडले, दीड वर्षाच्या वर. नानासाहेब गोरे, मधु लिमये, शिरुभाऊ लिमये हे पण आत होते, नानासाहेब सुटल्यावर १९५७ ला पुण्यातून खासदार झाले. म्हणजे गोव्याचा खासदार लोकसभेत नव्हता तेव्हा लोकसभेचा खासदार गोव्याच्या तुरुंगात होता.

दुर्वांकुर_पुणे:
शेवटचं वाक्य वाचून अंगावर काटा आला देवगडवाले दादा. नानासाहेब गोऱ्यांचं माहीत होतं, चौधरींचं माहीत नव्हतं.

कुशावतीकाठ:
देवगडकर, मनापासून आभार, हे यायलाच पाहिजे होतं.

आता १९६१. १९ डिसेंबरला मुक्ती. १९६२ च्या १२व्या घटनादुरुस्तीनं गोवा, दमण, दीव केंद्रशासित झाले. लोकसभेत दोन जागा दिल्या पण पहिले दोघे नेमलेले, निवडलेले नाहीत: डॉ. गायतोंडे आणि डॉ. आंतोनियु कुलासु. मग डिसेंबर १९६३ मध्ये खरी निवडणूक, विधानसभा-लोकसभेसाठी गोव्यातली पहिली जिच्यात प्रत्येक प्रौढ बाईपुरुषाला मत होतं, गावड्याला पण, मुंडकाराला (भाटकाराच्या जमिनीवर घर करून राहणाऱ्याला) पण. विधानसभेत मगो (महाराष्ट्रवादी गोमंतक, महाराष्ट्रात विलीन व्हावं म्हणणारा) पक्षाला १४, युनायटेड गोवन्सला १२, भाऊसाहेब बांदोडकर मुख्यमंत्री. आणि लोकसभेवर पणजीतून पीटर अल्वारिस, मुरगावमधून मुकुंद शिंक्रे. १८२२ ते १९६३, एकशे एक्केचाळीस वर्षं लागली सगळ्या गोव्याला मिळून आपला माणूस निवडायला. माझ्यासाठी १९६३ ही तारीख १८२२ पेक्षा कितीतरी मोठी आहे.

आणि हे पण नोंदवून ठेवा, पोर्तुगालनं मुक्ती मान्यच केली नाही आणि त्यांच्या संसदेत गोव्याच्या नावाची जागा १९७४ पर्यंत चालू ठेवली. म्हणजे बारा-तेरा वर्षं गोव्याच्या नावानं दोन देशांच्या संसदेत माणसं बसत होती आणि त्यातल्या एकांना गोव्यात मत देणारा एकही मतदार नव्हता. पोर्तुगालात क्रांती झाली तेव्हा कुठे, डिसेंबर १९७४ च्या करारानं तो प्रकार संपला.

देवगडवाला:
मी स्पष्ट बोलतो, राग मानू नका. १९६७ च्या जनमत कौलात विलीनीकरण जिंकून गोवा महाराष्ट्रात आला असता तर आज ह्या दोन जागांच्या जागी अठ्ठेचाळीस जणांच्या मागे गोव्याचं वजन असतं. दोन खासदारांना दिल्लीत विचारतो कोण? भाऊसाहेबांचं म्हणणं तेच होतं आणि मराठी वाचणारा, मराठीत भजन-कीर्तन करणारा अर्धा गोवा त्यांच्यामागे होता. ५४ टक्के विरुद्ध साडेत्रेचाळीस म्हणजे काही फार मोठं अंतर नाही.

मडगांवचो_पोर:
दादा ३४,०२१ मतांचं अंतर होतं, १६ जानेवारी १९६७. लोकांनी कौल दिला, विषय तिथे संपला. आणि वजनाचं म्हणाल तर सिंधुदुर्ग-रत्नागिरीला मुंबईत किती वजन आहे ते तुम्हीच सांगा, तुमचीच पोरं नोकरीला आमच्याकडे येतात.

देवगडवाला:
पोरं येतात ते खरं आहे, ते नाकारत नाही.

कुशावतीकाठ:
वाद तापायच्या आधी आकडे बघू. १९६१ च्या सुमाराला गोवा-दमण-दीवची लोकसंख्या साधारण सहा लाखांच्या आसपास होती आणि देशात लोकसभेच्या एका जागेमागे नऊ लाखांच्या जवळपास माणसं येत होती. म्हणजे लोकसंख्येच्या हिशेबानं गोव्याला धड एक जागाही पुरी होत नव्हती, दोन मिळाल्या. विलीन झालो असतो तर फार तर एक मतदारसंघ, तोही सावंतवाडी-वेंगुर्ल्याचा भाग जोडून. आज २०११ च्या जनगणनेनं गोवा साडेचौदा लाखांचा, म्हणजे एका खासदारामागे सव्वासात लाख माणसं, महाराष्ट्रात तेवीस लाखांच्या वर. माणशी वजन गोव्याचं जास्त आहे. मी स्वतः मराठीत वाढलो, मराठीत लिहितो, घरात ज्ञानेश्वरी, तरी १९६७ चा कौल मला बरोबरच वाटतो आणि त्यात मराठीचा काही अपमान झाला असं मला वाटत नाही. १९८९ ला पणजीतून मगोचे प्रा. गोपाळराव मयेकर लोकसभेवर गेले, ते मराठी साहित्यिक, ज्ञानेश्वरीचे अभ्यासक. स्वतंत्र गोव्यानंच त्यांना निवडून दिलं ना.

शिवाय तो जनमत कौल घ्यायचा कायदा संसदेनंच केला होता, १९६६ च्या डिसेंबरात, आणि कौल निष्पक्ष व्हावा म्हणून भाऊसाहेबांच्या सरकारनं राजीनामा दिला. आजच्या काळात कोण देईल?

दुर्वांकुर_पुणे:
आणि राज्यसभा? त्यात गोव्याला कधीपासून जागा आहे?

कुशावतीकाठ:
१९८७ पासून, घटक राज्य झाल्यावर, एकच जागा. त्याआधी शून्य! आणि हे मला अजूनही बोचतं, कारण पुदुच्चेरी पण गोव्यासारखंच, परकीय सत्तेतून आलेलं, केंद्रशासित, विधानसभा असलेलं, पण त्यांना राज्यसभेत एक जागा होती आणि गोव्याला नव्हती. राष्ट्रपतींच्या निवडणुकीत गोव्याच्या आमदारांना मत नव्हतं कारण ते मत फक्त राज्यांच्या आमदारांना. पंचवीस वर्षं गोव्याचा सगळा भार फक्त लोकसभेच्या दोन माणसांवर होता. त्यातले इराज्मु सिक्वेरा १९६७ ते ७७ आणि मग एदुआर्दु फालेरो १९७७ पासून सलग पाच वेळा, दोघेही मुरगाव मतदारसंघाचे. छोट्या प्रदेशानं एकच माणूस पुन्हापुन्हा पाठवला की त्याची दिल्लीत ओळख तयार होते, फालेरो परराष्ट्र खात्याचे राज्यमंत्री झाले. उत्तरेत आता श्रीपाद नाईक १९९९ पासून सलग सहा वेळा.

राज्यसभेच्या एका जागेची अडचण २०१४ ला सगळ्यांनी बघितली. पर्रीकर संरक्षणमंत्री झाले तर गोव्याची एकुलती एक जागा काँग्रेसच्या शांताराम नाईकांकडे, मग पर्रीकर राज्यसभेवर गेले ते उत्तर प्रदेशातून. आम्हाला अभिमान पण वाटला आणि वाईट पण वाटलं.

वाचनवेडा_नाशिक:
माझ्याकडून एक. १९९६ मध्ये महिला आरक्षणाचं विधेयक लोकसभेत पहिल्यांदा मांडलं ते गोव्याच्या खासदारानं, रमाकांत खलप, तेव्हा कायदा राज्यमंत्री, १२ सप्टेंबर १९९६. मगोचे एकटे खासदार आणि देवेगौडांच्या मंत्रिमंडळात. दोन जागांच्या राज्याला कोण विचारतो म्हणणाऱ्यांनी हे लक्षात ठेवावं.

तेजू_बेलें:
मग गोव्यातून लोकसभेवर किती बायका गेल्या आजवर?

कुशावतीकाठ:
एक. संयोगिता राणे, १९८० ला पणजीतून मगोतर्फे. त्यानंतर कोणी नाही. २०२४ ला पल्लवी धेंपे दक्षिणेतून उभ्या होत्या, हरल्या.

तेजू_बेलें:
म्हणजे ज्या गोव्याच्या माणसानं विधेयक मांडलं त्याच गोव्यातून चाळीसहून जास्त वर्षं एकही बाई नाही. हे लाजिरवाणं आहे काका, याचं कारण फक्त जागा कमी हे नाही, पक्ष तिकीटच देत नाहीत.

बाणस्तारीची_सुमन:
पहिल्यांदाच लिहिते. २०२३ चा महिला आरक्षणाचा कायदा एक तृतीयांश जागा म्हणतो. गोव्यात दोनच जागा, त्यातली एक तृतीयांश म्हणजे किती? एक राखीव केली तर अर्धी होते, नाही केली तर शून्य. मी पंच आहे, ग्रामपंचायतीत आरक्षणातून आले, आमच्या वाड्यावरच्या नळाचं काम त्याशिवाय झालं नसतं कारण मीटिंगला पाण्याचं बोलणारी कोणी बाईच नव्हती. तर गोव्याला कधीतरी पाळीपाळीनं एक मतदारसंघ राखीव मिळणार की छोटं राज्य म्हणून वगळणार, कोणाला माहीत असेल तर सांगा.

कुशावतीकाठ:
सुमनबाय, कायद्यात शब्द आहेत की शक्य तितकं एक तृतीयांशाच्या जवळ, आणि जागा आळीपाळीनं फिरणार. जनगणना, मग मतदारसंघांची फेररचना, त्यानंतर ते लागू, अशी क्रमवारी कायद्यातच आहे. गोव्याला फिरत्या पद्धतीनं कधी उत्तर कधी दक्षिण असं मिळायला हवं असं माझं ठाम मत आहे आणि ते आपल्या दोन्ही खासदारांना आत्ताच लेखी कळवायला पाहिजे, फेररचनेचं काम सुरू झाल्यावर नाही. तुम्ही पंच आहात, पंचायतीचा ठराव करून पाठवलात तर त्याला वजन राहील. मजकूर लिहायला मी मदत करतो, व्यनि (खासगी निरोप) करा.

मडगांवचो_पोर:
दक्षिणेतल्या पंचायतींकडे मी बोलतो.